उगाईकाकांची आरोळी

उगाईकाका ओसाकात दिवसभर तातामीच्या चटया शिवतात आणि काबुकीच्या खेळाला सगळ्यात वरच्या, सगळ्यात स्वस्त बाकावरून ओरडतात. नट डोळे वटारून पुतळ्यासारखा थांबला, की नेमक्या त्या क्षणी त्याच्या घराण्याचं नाव थिएटरभर फेकायचं. चाळीस वर्षांत काका अर्ध्या श्वासानंही चुकले नाहीत. लग्नाच्या वाढदिवसाची तारीख मात्र दरवर्षी चुकते.

यंदा आमच्या मंडळीचे मुख्य नट रांझोसान यांना काबुकीत बॅले घालायची हुक्की आली. ते राक्षस आणि बॅले नाचणारी चिझुरू बगळी. राक्षस डोळे वटारणार, बगळी एका पायाच्या बोटावर थांबणार, आरोळी येईपर्यंत. मी कडेला बसून फळीवर लाकडाचे ठोके देते, त्यामुळे तालमीतली भांडणं थेट माझ्या कानात.

"हिचं घराणं कोणतं?" तालीम बघायला आलेल्या काकांनी विचारलं.

"बॅलेत घराणी नसतात, काका," चिझुरू म्हणाली. "टाळ्या वाजवा."

"टाळ्या माकडंही वाजवतात. किती वेळ उभी राहशील?"

"सहा मोजेपर्यंत. सातव्याला रांझोसानच्या मांडीवर."

"त्यांची हरकत नसेल. बाप काय करतो तुझा?"

"अन्नव्यवसायात आहेत."

मागच्या गल्लीत मुरोत्सुया नावाचं लोणच्याचं दुकान आहे तिच्या बापाचं. वास लपवायला ती मानेवर इतकं अत्तर फासते, की शेजारचे ढोलवाले शिंकतात.

आठवडाभर काका चटया शिवता शिवता नावं पुटपुटत राहिले. काकू म्हणाल्या, "एवढ्या वेळा माझं नाव घेतलं असतंत तर संसार बरा झाला असता."

"या वेळी चुकलो, तर त्या बाकावर पुन्हा बसणार नाही," काका म्हणाले.

पहिला खेळ. राक्षस थांबला, काकांनी घराणं फेकलं, चोख. बगळी वर गेली. मी ठोके दिले. वरून काही नाही. तीन. चार. तिची पोटरी थरथरायला लागली. पाच.

"मुरोत्सुयाऽऽ"

मागची गल्ली ओळखणारे निम्मे प्रेक्षक हसले. चिझुरूचे कान लाल झाले, हनुवटी वर गेली, आणि रागारागात ती नऊपर्यंत उभी राहिली.

खेळ संपल्यावर काका रंगमंचामागे आले, तेव्हा तिनं त्यांना गाठलं. "माझ्या बापाचं दुकान?"

"घराण्यांची नावं काय आभाळातून पडली? त्यातली कितीतरी दुकानांचीच. तुझं मुळ्याच्या लोणच्याचं, एवढंच."

ती खाली बसून बुटाच्या नाड्या सोडायला लागली.

"उद्या सहाव्याला ओरडा," ती म्हणाली. "आणि शेवटचं अक्षर आणखी लांबवा. बाबा मागे बसणार आहेत, त्यांना कमी ऐकू येतं."