म्हशीचा लेप

नागपूरच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी सुईच्या तपासणीचा कागद वाचला आणि म्हणाल्या, "इन्व्हेजिव्ह डक्टल कार्सिनोमा." त्यांच्या मागे पडदा वाऱ्यानं फुगत होता, बसत होता. मला वाटलं, बाई हे दुसऱ्याच कुणाला तरी सांगताहेत.

मग त्यांनी समजावलं. हा स्तनाचा कॅन्सर दूध वाहणाऱ्या नळीत सुरू होतो. नळीची भिंत फोडून बाजूच्या मांसात शिरला की त्याला इन्व्हेजिव्ह म्हणायचं. बहुतेक बायांना हाच होतो. दुसरा लोब्युलर, दूध तयार करणाऱ्या ग्रंथींतला. त्यात कधी गाठ लागतच नाही, नुसतं जाडसर लागतं. आमचा इचोड्याला भाजीचा मळा. पाटाचं पाणी बांध फोडून वाफ्यात शिरतं, तसं हे, एवढं मला कळलं.

"ही कातडी पिवळी कशानं?" बाईंनी विचारलं.

मेल्याहून मेल्यासारखं झालं. बायांनो, हसू नका. म्हशीची कास कडक झाली की आम्ही हळद-चुन्याचा लेप लावतो. तोच मी कित्येक महिने स्वतःच्या छातीतल्या गाठीवर लावत होते. गाठ दुखत नव्हती ना! आमच्याकडे दुखेल तोच आजार.

"दुखत नाही, म्हणून तर लवकर यायचं," बाई म्हणाल्या. "आता स्तन काढावा लागेल. पण जीव वाचायची आशा चांगली आहे."

आमचे हे बाजूलाच बसले होते. म्हणाले, "तू राह्य फक्त. बाकी मले काई नाई पाह्यजे." मी तिथंच रडले.

स्तन काढला, काखेतल्या गाठीही काढल्या. मग केमोथेरपी, म्हणजे शिरेतून औषध. सलाईनखाली डोळे मिटले की मळा दिसायचा. मेथीच्या वाफ्यातून म्हैस सावकाश चालली आहे आणि मी तिला हाकलतही नाही. पुढं रेडिएशन, म्हणजे किरणांचा शेक. शेवटी टॅमॉक्सिफेनची रोजची गोळी, कॅन्सर परत येऊ नये म्हणून. केस परत आले ते जावळासारखे मऊ.

एका सकाळी धाकटी जाऊ वाटी घेऊन आली. "बाई, तो लेप देता का जरासा?"

"म्हशीले काय झालं?"

ती पदर सारखा करत राहिली. "म्हशीले नाई."

वाटी मी तिच्या हातातून काढून घेतली. चपला घातल्या आणि तिला घेऊन नागपूरच्या बसमध्ये बसले.

"लय कापतात का हो?" तिनं वाटेत विचारलं.

"कापा लागलं तं कापतात. मी हाओ ना तुह्या बाजूले."

तिनं माझ्यावर डोकं टेकलं, नेमकं सपाट बाजूला, आणि तिला झोप लागली.