भाचीचा दुधाचा दात

मी बैलांचा दलाल. सिरसाळ्याच्या बाजारात मी बोली लावली, की पार लांबच्या युसूफ वडगावातले बैल कान टवकारतात, आणि यात मी फार तर निम्मं वाढवून सांगतोय. बिनलग्नाचा, तोंडाळ, घरात भांडी म्हणाल तर दोन पातेली. असल्या माणसाच्या पदरात बहिणीची सहा वर्षांची पोर आली. तिचे आई-बाप अपघातात एकदमच गेले. सोयरे म्हणाले, "ह्याला सोताच्या चपला सापडत न्हाईत, ह्यो काय सांभाळतोय?" मी म्हणालो, पोर माझ्याकडंच राहणार. विषय संपला.

विषय कसला संपतोय. थोड्याच दिवसांत पोरीनं जेवण सोडलं. ओठ असे आवळलेले, की पहार घातली तर पहार वाकावी. मी म्हणालो, नव्या दावणीला बांधलेला बैलही आधी वैरण हुंगत नाही; रुळली की खाईल. म्हणून थांबलो. तिची गेवराईची आत्या मात्र थांबली नाही. कुणीतरी तिला फोन केला, आणि ती पिशवी घेऊन दारात हजर.

"पाव्हणं, पोर वाळून काटकी झाली. मी घेऊन जाते तिला."

"आक्का, ती कुठं जात न्हाई."

"मंग खात कावून न्हाई?"

जिल्ह्यातल्या झाडून सगळ्या बैलांच्या जबड्यात हात घातलेला मी, पण घरातल्या पोरीचं तोंड बघायचं सुचलं नव्हतं. खाली बसलो आणि अंगठ्यानं हळूच तिची हनुवटी दाबली. पुढचा दात नुसता लोंबत होता.

"सांगितलं कावून न्हाई गं?"

पोर रडायला लागली. "तूच बाजारात म्हणला, दुधाचे दात पडले की गोऱ्हा विकायला काढायचा."

आत्यानं पिशवी खाली ठेवली. मी जबडा फाकवून माझी खिंडारं दाखवली. "हे बघ, किती पडलेत. मला विकलं का कुणी?"

तिनं गिऱ्हाइकासारखं नीट निरखलं. "तुला कोन घेतंय?"

आत्या हसत हसत भिंतीला टेकली. मग डोळे पुसून म्हणाली, "दुधात भाकर कुस्करायला तरी येती का तुमाला?"

"न्हाई. शिकवा. पन पोर हितंच राहणार."

तिनं शिकवलं. मी इतकं दूध ओतलं, की भाकर पोहायला लागली. पोरीनं एका गालानं चावत पातेलं चाटूनपुसून साफ केलं.

संध्याकाळी गेवराईच्या गाडीत आत्या एकटीच चढली. खिडकीतून मला दम दिला, "दात वढू नका, पाव्हणं. आपोआप पडंल."