गाळ बसेपर्यंत

माहितीपट करणाऱ्या त्या माणसाला सोबतचे लोक 'मुनी' म्हणत. चिडवायला म्हणत, आणि थोडं मानानंही. मुनी कॅमेरा लावायचा आणि गप्प बसायचा. समोरचा बोलून थांबला तरी कॅमेरा आपला चालूच. संकलन करणारी बाई कपाळाला हात लावायची, एवढी शांतता ठेवू कुठे म्हणायची. मग मुनीचं तत्त्वज्ञान सुरू. इतिहास म्हणजे गढूळ पाणी, गाळ बसल्याशिवाय तळ दिसत नाही. म्हणून चिडलेल्या, रडणाऱ्या माणसाचं चित्रण तो करतच नसे. वर्षं जाऊ देत, माणूस निवू दे, मग खरं काय ते बोलेल. ऐकायला छान वाटतं हो! बक्षिसंही मिळाली त्याला.

त्याचा थोरला भाऊ रंगाच्या कारखान्यात कामाला होता. तिथं आग लागली तेव्हा त्या पाळीतला दादा एकटा वाचला. मागचं दार बाहेरून बंद होतं. चौकशीत ठपका आला तो मेलेल्यांवरच, हलगर्जीपणाचा. दार कुणाच्या हुकमानं लावलं ते दादाला ठाऊक होतं, पण त्याला कुणी विचारलंच नाही. मुनी याच आगीवर माहितीपट करत होता. मेलेल्यांच्या बायकांना भेटला, बंबवाल्यांना भेटला, निवृत्त साहेबांच्या दारात ताटकळला. घरचा साक्षीदार मात्र तसाच. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय!

दादा बिचारा सुट्टीच्या दिवशी दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून खुर्चीत बसायचा. आज घेतोस का, विचारायचा. एकदा मुनीनं खरंच दिवे लावले, दादाच्या शर्टाला माइक अडकवला. दादा बोलायला लागला तसा त्याचा आवाज चढला, मूठ टेबलावर आदळली. मुनीनं कॅमेरा बंद केला.

"दादा, तू अजून फार तापलेला आहेस. शांत झालास की घेऊ."

दादानं स्वतःच माइक काढला आणि भावाच्या हातात ठेवला. बोलू द्या की त्यांना, असं वहिनी म्हणाली. मुनी नुसता हसला. घरचाच तर माणूस, कधीही घेता येईल, असं त्याला अगदी मनापासून वाटत होतं.

पुढं दादाला झटका आला. उजवं अंग गेलं, वाचा गेली. किती समजतं तेही सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणाले. मुनी लहान मुलासारखा रडला. आणि काही महिन्यांनी कॅमेरा घेऊन आला. बैल गेला नि झोपा केला!

दादा खिडकीशी बसला होता, शांत, मुनीला हवा होता तसा. मुनीनं ठरवलं, आपण एकेक नाव घ्यायचं, हुकूम देणारा तोच असेल तर दादानं मान हलवायची. त्यानं मॅनेजरचं नाव घेतलं. दादानं होकाराची मान हलवली. खात्री करावी म्हणून त्यानं पहारेकऱ्याचं नाव घेतलं. दादानं मान हलवली. आगीत गेलेल्या एका जोडीदाराचं घेतलं. तरी हलवली. शेवटी मुनीनं स्वतःचं नाव घेतलं. दादानं तशीच मान हलवली.

वहिनी दारात उभी होती.

"भावजी, त्या दिवशी ते चिडले होते, पण सांगत तर होते."

मुनीनं कॅमेरा बंद केला. दादाच्या पायाशी बसून, त्याचा लुळा हात धरून, माझं चुकलं रे दादा, म्हणाला. दादानं त्यालाही मान हलवली.