मुकर्रमने घड्याळ थांबवलं

मुकर्रमला राग लवकर येत नसे, पण आला की उतरत नसे. शहरीसब्जच्या बाजारात तिचे वडील घड्याळं दुरुस्त करायचे. त्यांच्या मांडीशी बसून ती शिकली आणि विसाव्या वर्षी कोकतोग डोंगरावरच्या वेधशाळेत घड्याळांची राखण करायला लागली. रोज सकाळी रेडिओच्या ठोक्यांशी तळघरातलं मोठं घड्याळ ताडून बघायचं, त्याच्याशी घुमटातलं घड्याळ ताडायचं आणि फरक वहीत लिहायचा, हे तिचं काम.

घुमटात दुर्बिणीला डोळा लावून बसे तिचा नवरा, एर्गाश. त्याच्याकडे एकच काम होतं, एक सर्पिल तेजोमेघ. डोंगरावर सगळे त्याला गोगलगाय म्हणत. काचेवर त्याचं चित्र उमटायला तासन्‌तास लागत, आणि तेवढा वेळ तो दुर्बिणीत जागचा हलू नये म्हणून कुणीतरी नजर खिळवून बसावं लागे.

गोगलगायीवर काम झालं की दुसऱ्या दिवशी घुमटातलं घड्याळ अर्धा तास मागे पडलेलं असे. वेधशाळेचे संचालक सोबिरोव लाल शाईने शेरा मारत, ‘निष्काळजीपणा’. मुकर्रमने यंत्र खोललं, पुसलं, शेवटी घड्याळच बदललं. तरी तेच. मग तिने स्वतःचं मनगटी घड्याळ एर्गाशच्या हाताला बांधून पाठवलं. तेही मागे! तेव्हा कुठे सोबिरोवने मान्य केलं, की त्या उजेडाखाली वेळच रेंगाळते. वर बजावलं, “गावात बोलायचं नाही. संशोधन चालू आहे.”

घड्याळ मागे पडायचं मिनिटांनी. माणसाचं अंग किती मागे पडतं, ते कुणी मोजलं नाही. एर्गाश पुढे पुढे आठवड्यातून एकदाच दाढी करू लागला. मुकर्रम थट्टा करायची, “वस्तरा गंजेल हो तुमचा!” मग तिला चष्मा लागला. गुडघे धरले. दोन दाढा गेल्या. एर्गाश मात्र पन्नाशीतही तिशीतलाच दिसत राहिला.

त्यांच्या मुलीचं, निगोराचं लग्न ठरलं. नवऱ्या मुलाकडची खोलबिबी खाला मिठाईची तबकं घेऊन आली. मुकर्रम तंदूरमध्ये नान लावत होती. एर्गाश पुलावाची कढई एकट्याने उचलून अंगणात आणत होता.

“ओपा, नशीब काढलंत हो!” खाला मुकर्रमला थोरल्या बहिणीच्या मानाने म्हणाली. “काय देखणा मुलगा आहे तुमचा! लग्न झालंय का त्याचं? माझी एक भाची आहे…”

एर्गाश मोठ्याने हसला.

पाहुणे गेल्यावर दुपारी तिने विचारलं, “हसलात का?”

“मग काय रडू? बाईला ठाऊक नव्हतं.”

“तुम्हाला कधीपासून ठाऊक होतं?”

तो घुटमळला. “घुमटातल्या सातव्या वर्षापासून.”

“आणि मला बोलला नाहीत?”

“वही तुझ्याच हातात होती की.”

“वहीत घड्याळाची मिनिटं होती. तुमच्या अंगातली वर्षं नव्हती!”

“मला दुसरं काम देत होते, मीच नको म्हटलं,” तो खाली बघत म्हणाला. “बरं वाटायचं गं. सगळे थकत चाललेले दिसायचे, आणि आपण तसेच…”

सत्तावीस वर्षांच्या संसारात तिने त्याला कधी नावाने हाक मारली नव्हती. त्या दिवशी मारली. “त्या सगळ्यांत मी होते, एर्गाश! मला थकताना बघून तुला बरं वाटत होतं?”



दुसऱ्या दिवशी सकाळी चोवीस वह्या घेऊन ती सोबिरोवच्या टेबलासमोर उभी राहिली.

“ओपा, विज्ञान त्याग मागतं,” तो म्हणाला.

“मग तुमच्या भाच्याला तीन महिन्यांत घुमटातून खाली का आणलंत?”

“त्याची तब्येत…”

“त्याची आई येऊन रडली म्हणून! मी रडले नाही, एवढाच माझा गुन्हा. या वह्यांत पानापानावर तुमची सही आहे.”

“तुम्ही तुमची घड्याळं बघा, बाई.”

“बघते.”

ती तडक तळघरात गेली आणि तिने मोठ्या घड्याळाचा लंबक हाताने धरून थांबवला. दाराला कुलूप ठोकलं, किल्ली रुमालाच्या गाठीत बांधली. नेमकी वेळ ठाऊक नसली तर दुर्बिणीतून काढलेलं चित्र म्हणजे नुसती काच, हे सोबिरोवला सांगावं लागलं नाही. सात दिवस वेधशाळा बंद राहिली. तो ओरडला, पोलिसांची धमकी दिली, निगोराकडून निरोप पाठवले. मुकर्रम तळघराच्या पायरीवर लोकर विणत बसून राहिली.

आठव्या दिवशी ताश्कंदहून तपासणीस आले. तिने वह्या पुढे केल्या आणि एर्गाशला त्याच्या पासपोर्टसकट उभं केलं. मुख्य तपासणिसाने जन्मतारीख वाचली, चेहरा बघितला, पुन्हा तारीख वाचली आणि चष्मा काढून ठेवला.

त्याच संध्याकाळी हुकूम निघाला. यापुढे कुणीही एका हंगामापेक्षा जास्त काळ गोगलगायीवर बसायचं नाही. सोबिरोवला काही झालं नाही, उलट ताश्कंदला मोठी खुर्ची मिळाली. मुकर्रमला मात्र निवृत्तीच्या मुदतीआधीच घरी बसवलं. एर्गाशला खाली जनरेटरवर नेमलं.

तीन महिने तो तिच्याशी बोलला नाही. बोलला तेव्हा म्हणाला, “माझं काम हिरावलंस तू.”

“आणि तू म्हातारपण माझ्या एकटीवर टाकलंस.”

आज ती चौहत्तर वर्षांची आहे. डोंगराच्या पायथ्याशी दोघं एकाच घरात राहतात. ती दोघांसाठी नान भाजते, पण त्याच्या दस्तरखानावर जेवायला बसत नाही. तो लाकडं फोडतो, पाणी भरतो, तिच्या गुडघ्यांना तेल चोळायला बसतो, तर ती पाय ओढून घेते.

यंदा ईदला गल्लीतले वडीलधारे आले. एर्गाश सगळ्यांसमोर तिच्यापुढे हात जोडून उभा राहिला. सर्वांत वयस्कर तुर्दिकुल-बोबो म्हणाले, “मुकर्रम, आज रुसवा धरू नये. माफी मागतोय तर दे, पोरी.”

तिने आधी सगळ्यांच्या पेल्यांत चहा ओतला.

“मागू दे की, बोबो,” ती म्हणाली. “मी गेल्यावरही याच्याकडे पुष्कळ वर्षं उरणार आहेत. तेव्हाही मागत बसू दे.”