हारूभाऊंची डावी बाजू

महिन्याभरापूर्वी मिचिकोताईंचा जपानहून फोन आला, तेव्हा मी पेणच्या आमच्या कारखान्यात गणपतीचे डोळे आखत बसले होते. "दादा गेला," एवढंच त्या मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाल्या. मी ब्रश खाली ठेवला... त्या दिवशी पुढे हात चाललाच नाही.

ताईंचे यजमान पूर्वी रोह्याच्या एका कंपनीत इंजिनीअर होते. दादा म्हणजे ताईंचे भाऊ हारुओ, जपानमधले सिनेनट. ऐन तरुणपणी नायक झाले ते हसण्याच्या जोरावर. त्या हसण्यावर म्हणे पोरी जीव टाकायच्या. मग तलवारबाजीचे सिनेमे, पुढे बापाच्या भूमिका. साठीनंतर आजारपण आलं, तोंडाची डावी बाजू लुळी पडली आणि कामं बंद झाली. बहिणीकडे रोह्याला आले, तेही सदा मास्क लावून.

ताई त्यांना एकदा मूर्ती दाखवायला घेऊन आल्या आणि ते आमच्याकडे रमलेच. सकाळच्या गाडीने यायचे, संध्याकाळी जायचे. माझ्या सासऱ्यांनी, आप्पांनी, त्यांचं लगेच हारूभाऊ करून टाकलं. आमच्याकडची रीत अशी, की डोळे आखून झाले की कुणीतरी मूर्तीसमोर पाटावर बसायचं, पूजेला बसल्यासारखं, आणि सांगायचं, बाप्पा आपल्याकडे बघतोय की नाही. ते काम हारूभाऊंकडे गेलं. नजर जरा हुकली की ते मान हलवायचे आणि मला सगळं पुसून परत आखायला लागायचं. अस्सा राग यायचा!

एक दिवस ताई म्हणाल्या, जपानच्या एका दिग्दर्शकाने बोलावलंय, पण दादा नको म्हणतो. असलं तोंड घेऊन कॅमेऱ्यासमोर कसं जायचं?

आप्पा मातीचे हात पुसत म्हणाले, "अरे हारूभाऊ, बाप्पाचं तोंड कदी हललेलं बघलंस काय? नाय ना? तरी समोर बसलास का बोलतोच ना तो तुझ्याशी?"

ताईंनी ते जपानीत सांगितलं. हारूभाऊंनी मास्क वर ओढला आणि ते निघाले. दुसऱ्या दिवसापासून यायचे बंद झाले आणि कळलं ते एकदम जपानला परत गेल्याचंच. मागाहून ताईही गेल्या. आप्पांच्या मनाला ते लागून राहिलं. "माझंच तोंड वाईट गो," म्हणायचे, "दुखावला तो."

त्या फोननंतर ताईंनी हारूभाऊंचा शेवटचा सिनेमा, त्याच दिग्दर्शकाचा, पाठवला. आम्ही घरी टीव्हीवर लावला. भाषा ओ की ठो कळेना. भूमिका लहानशी, लेक घर सोडून चाललीय आणि म्हातारा बाप दारात बसलाय. उजवी बाजू दाखवून सहज निभावून नेता आलं असतं. पण लेक वळली, तशी हारूभाऊंनी ती पडलेली डावी बाजूच पुढे केली आणि तोंड न हलवता नुसती नजर उचलली.

"रागावला नव्हता गो तो," आप्पा म्हणाले.

आता रोज संध्याकाळी ते मला तेवढंच दृश्य लावायला सांगतात. हारूभाऊ नजर उचलतात आणि आप्पा खुर्चीतून म्हणतात, "व्हय रे, बघलं."