जयवंताच्या तोंडातला गूळ

लोणी भापकरची जयवंता बोलायला लागली की थांबायचं नाव नाही. गणेशोत्सवातल्या नाटुकल्यांतून ती टीव्हीच्या विनोदी कार्यक्रमात गेली आणि दहा वर्षं आडदांड आत्या होऊन लोकांना हसवत राहिली. तिला ऐन वेळी सुचलेली वाक्यं गावोगावची पोरं म्हणायची, पण पडद्यावर नाव यायचं लेखकाचं. हे तिला फार लागायचं. शेवटी भांडून-तंडून तिनं वाहिनीकडून एक भाग लिहायला आणि दिग्दर्शित करायला मिळवला. जमला तर अख्खी मालिका तिची, नाही तर पुन्हा आत्या आहेच.

भाजीवालीचं मुख्य काम तिनं इंदापूरच्या निकिताला दिलं. पोरगी नवी होती, पण चुणचुणीत.

गावच्याच एसटी थांब्यावर शूटिंग होतं. भाड्यानं आणलेली बस चार वाजता परत जाणार होती आणि तीन वाजून गेले तरी एक प्रसंग काही केल्या पुरा होईना. चूक निकिताची नव्हती. ती बोलायला लागली की जयवंताही मोठ्यानं तेच बोलायची! आवाज टिपणारा मल्हार कपाळाला हात लावून म्हणाला, "ताई, पाचव्यांदा तुमचाच आवाज आला."

जयवंताची आई सरुबाई तिथंच बसली होती. तिनं पिशवीतून गुळाचा भला मोठा खडा काढला आणि लेकीच्या तोंडात कोंबला.

"आता बोल बघू! चघळत बस गुमान."

कॅमेरा सुरू झाला. भाजीची पाटी घेऊन निकिता बसमध्ये चढली. कंडक्टर म्हणाला, "पाटीचं तिकीट काढा, मावशी." निकितानं कमरेवर हात ठेवला. "मग पाटीला शीट द्या!"

वाक्य झकास बसलं. आता जयवंताला "कट" म्हणायचं होतं, पण गुळानं तोंड उघडेना. कुणी थांबवत नाही म्हटल्यावर निकितानं पाटी खिडकीजवळच्या सीटवर ठेवली, स्वतः दांड्याला धरून उभी राहिली आणि कंडक्टरला म्हणाली, "खिडकी लावा की. तिला ऊन लागतंय."

थांबवायला वर उचललेला हात जयवंतानं हळूच खाली घेतला. कंडक्टरनं पुढं होऊन खिडकी लावली आणि तो पाटीला म्हणाला, "आता बरं हाय का?"

कसाबसा गूळ गिळून जयवंता ओरडली, "कट! झालं! झालं!" ती आनंदानं अक्षरशः नाचली. इतका वेळ ओठ चावून बसलेला मल्हार आता पोट धरून हसत होता. घड्याळात चारला दहा कमी होते.

"ती खिडकी तू लिवलीस व्हय गं?" सरुबाईनं विचारलं.

जयवंतानं ओठांना लागलेला गूळ बोटांनी पुसला.

"न्हाय आई. तिला सुचलं."

तिनं संहितेचे कागद मांडीवर घेतले. पहिल्या पानावर 'लेखन : जयवंता' असं तिनं मोठ्या हौसेनं लिहिलं होतं. गुळानं चिकट झालेल्या बोटांनी पेन धरून तिनं त्याच्या शेजारी लिहिलं, 'आणि निकिता.'