हिटरचा पंखा आणि मानाचं लुगडं

बहिणीच्या लग्नानंतरची पहिली नागपंचमी जवळ आली होती आणि तिला माहेरी आणायला मी माझी गाडी घेऊन मुरबाडच्या बाजूला तिच्या सासरी गेलो होतो. गाडी म्हणजे दोन मालकांच्या हातून आलेली लहान मोटार. रंग पांढरा, दारांच्या कडा गंजलेल्या. पण शेणव्याजवळच्या आमच्या आळीत तोवर कुणाच्या दारात चारचाकी उभी राहिली नव्हती, आणि बहीण एसटीच्या गर्दीतून नव्हे तर भावाच्या गाडीतून माहेरी येणार, याचं आईला फार कौतुक होतं. तिने शेजारणींना दोन-दोनदा सांगून ठेवलं होतं.

निघताना बहिणीची सासू म्हणाली, "मी पण येते. माझं माहेर वाशिंदच्या पल्याड. आज तुमच्याकडं राहीन, उद्या मला तिकडं सोड."

विहीणबाई सोबत येणार म्हटल्यावर मी खूश झालो. त्यांचे गुडघे दुखत, म्हणून त्यांना पुढच्या सीटवर बसवलं. बहीण मागे बसली, मांडीवर पिशवी घेऊन.

पाऊस धो-धो लागला होता. काचा बंद केल्या आणि थोड्याच वेळात पुढची काच आतून धुरकट झाली. मी हाताने पुसायचो, ती परत धुरकटायची. विहीणबाईंनी पदराने पुसून पाहिली.

"अरे, तुला दिसतंय का काय?" त्या म्हणाल्या.

तेव्हा मला ब्लोअर आठवला. आमच्याकडे गाडीत हिटर कशाला लागतो? मी गाडी घेतल्यापासून त्या खटक्याला हात लावला नव्हता. पण आधीच्या मालकाने सांगितलं होतं की हिटरचा पंखा नुसता लावला तरी वारा काचेवर जातो आणि काच साफ होते. म्हटलं, पाहुण्यांसमोर गाडीची एक सोय दाखवायची संधी आहे. मी मोठ्या ऐटीत खटका ओढला.

आधी डॅशबोर्डच्या आतून कण्हल्यासारखा आवाज आला. मग सुपात खडे घोळावेत तसं काहीतरी खडखडलं. आणि मग जाळीतून तूस, धूळ, कापसाचे पुंजके बाहेर उडाले, थेट विहीणबाईंच्या तोंडावर आणि पदरावर. मागोमाग वास आला. काहीतरी मरून पडल्याचा, ओला, कुजका वास.

"थांबव! थांबव गाडी!"

मी ब्रेक मारला. त्या दार उघडून उतरल्या आणि रस्त्याच्या कडेला वाकून ओकल्या. बहीण छत्री घेऊन धावली. शेजारच्या शेतात भात लावायला, आवणीला वाकलेल्या बाया उभ्या राहून बघायला लागल्या. एकीने विचारलं, "काय झालं गो? पोटुशी हाय का?" मी स्टिअरिंग धरून तसाच बसलो. खाली उतरावं, पाणी द्यावं, हेही मला सुचलं नाही.

पुढचा सगळा रस्ता काचा उघड्या ठेवून आलो. पाऊस आत येत होता आणि विहीणबाईंची मांडी भिजत होती.

घरी आईने गरम पाणी दिलं, चहा दिला, माझ्या वतीने हजारदा माफी मागितली. विहीणबाई हळूहळू सैल झाल्या. चहा पिताना म्हणाल्या, "विहीणबाय, आमी लग्नात मानाचं लुगडं दिलं, ते तुमी नेसलात का नाय कधी? हिरवं, जरीकाठाचं. उद्या नेसून दाखवा मला. मीच निवडलं होतं."

आई चुलीपाशी होती. तिने वळून न बघताच सांगितलं, "धुवायला काढलंय."

"नवं लुगडं धुवायला? या पावसात?"

"डाग पडला होता."

बहिणीने माझ्याकडे पाहिलं. मला त्यात विशेष काही वाटलं नाही. माझ्या डोक्यात अजून गाडीच होती.

सकाळी पाऊस चालूच. विहीणबाईंना वाशिंदला सोडायचं तर काच साफ राहायला हवी, आणि त्या वासात त्या बसणं शक्य नव्हतं. गाडी भाताच्या कणगीशेजारच्या पडवीत उभी असायची. तिथेच मी पाने, स्क्रूड्रायव्हर घेऊन बसलो. विहीणबाईंनी खुर्ची मागवून घेतली आणि शाल पांघरून बघत बसल्या.

"याला येतं का हे?" त्यांनी आईला विचारलं.

"कंपनीत हाय तो," आई म्हणाली. तिच्या लेखी कंपनीत असलेल्या माणसाला कुठलंही यंत्र उघडता येत होतं.

"मशिनीवर?" विहीणबाईंनी मला विचारलं.

"नाय मावशी. पॅकिंगला."

"म्हंजे खोकी बांधायला."

"हो."

आई आत गेली.

मी बॅटरीची वायर काढली. डाव्या बाजूचा सामान ठेवायचा कप्पा सोडवला. ब्लोअर त्याच्या मागे, वर, अंधारात बसलेला. सरळ बसून तिथे हात जाईना. शेवटी मी सीटवर पाठ टेकून डोकं खाली पायांच्या जागेत घातलं आणि पाय दाराबाहेर काढले. बाहेरून माझे फक्त पायच दिसत असणार. पडवीच्या पत्र्याचं पाणी त्यांच्यावर ठिबकत होतं.

मोटर स्क्रूंनी वर धरून ठेवलेली होती. बाकीचे सुटले, एकाचं तोंड घासून गुळगुळीत झालं होतं. पेच फिरेना. पक्कड लावून दात-ओठ खात ओढला, आणि तो एकदम सुटला. मोटर, तिला जोडलेला गोल जाळीदार पंखा आणि पंख्यात भरलेलं सगळं घरटं माझ्या तोंडावर पडलं.

मी ओरडलो. बहीण धावत आली आणि मला तसा उलटा, तोंडभर तूस घेऊन पडलेला पाहून खो-खो हसायला लागली. मलाही थोडं हसू आलं. मी बाहेर येऊन ते सगळं पडवीत एका गोणपाटावर उजेडात टाकलं. भाताचा पेंढा, तूस, गोधडीतला कापूस, एक मेलेला उंदीर. आणि हिरवे धागे. पुष्कळ हिरवे धागे.

बहिणीचं हसू थांबलं.

पंख्याच्या आसाभोवती पिवळी तार गच्च गुंडाळली गेली होती. ती जर होती. तिच्यामुळेच मोटर अडकून जळाली होती. मी ती उलगडायला गेलो तर तिच्यासोबत काठाची बोटभर पट्टी निघून आली, कोयऱ्यांची नक्षी अजून ओळखू येईल अशी.

विहीणबाई खुर्चीतून उठल्या. गुडघ्यावर हात ठेवत वाकल्या, ती पट्टी उचलली, अंगठ्याने पुसली.

"आमचा काठ ना हा?"

आई दारात उभी होती. तिने पदर तोंडाला लावला. तिच्या चेहऱ्यावरून मला कळलं की तिला हे नवीन नव्हतं. लुगडं कुरतडलंय हे तिला ठाऊक होतं. फक्त कुरतडलेले तुकडे कुठे गेले ते ठाऊक नव्हतं.

मी गोणपाटाच्या कडेला उकिडवा बसलो होतो, हात काळे, केसांत तूस. मला वाटलं, हे सगळं परत त्या भोकात कोंबावं, कप्पा बंद करावा.

विहीणबाईंनी पट्टी गोणपाटावर ठेवली आणि म्हणाल्या, "चला. उंदरांना तरी आवडलं."

त्या रागाने म्हणाल्या की गमतीने, हे मला आजही सांगता येणार नाही. बहीण मान खाली घालून उभी होती. माझ्या बहिणीला त्या घरात नांदून पुरते चार महिनेसुद्धा झाले नव्हते.

मोटर तर जळलेली होती. मी वाशिंदला जीपमधून पोचवतो म्हणालो, तर त्या नको म्हणाल्या. शेणव्याच्या नाक्यावरून त्या एकट्याच जीपमध्ये बसल्या, कोंबून भरलेल्या बायाबापड्यांत, एका गुडघ्यावर पिशवी ठेवून. मी बाहेर छत्री धरून उभा राहिलो. जीप सुटली तेव्हा त्यांनी मागे पाहिलं नाही.

घरी आलो तर आईने कणगीमागून एक बोचकं काढून ओटीवर ठेवलं होतं. त्यात लुगड्याचं उरलेलं. घडीच्या मधोमध हात जाईल एवढं भोक.

"ट्रंकेचा पत्रा खालून गंजला होता," ती म्हणाली. "मला काय म्हाईत? मी जपून ठेवलं होतं रे. एकदा पण नेसले नाय, जपूनच ठेवलं."

"आये, मला तरी सांगायचंस," बहीण म्हणाली. "मी तिकडं काहीतरी बोलून ठेवलं असतं."

"तू नवी पोर त्या घरात. तुझ्या तोंडी कशाला घालू?"

त्या दिवशी आई नीट जेवली नाही. पंचमीला पुरणाची दिंडं केली, बहिणीला वाढली, स्वतः अर्ध्यात उठली.

मोटर शहापुरात मिळाली नाही. कल्याणला जाऊन एका जुन्या गाड्यांच्या भंगारवाल्याकडून आणली. बसवायला लागलो तेव्हा बहीण टॉर्च धरून बसली होती. ज्या जागेतून घरटं निघालं तिथे आधी ओल्या फडक्याने पुसलं, मग निंबाच्या पाल्याचं पाणी लावलं. वारा आत येतो त्या तोंडावर तारेची जाळी कापून बसवली, म्हणजे परत कुणाचा संसार तिथे व्हायला नको. मोटर वर ढकलून धरायची आणि त्याच वेळी स्क्रू लावायचा, हे एका माणसाचं काम नाही. बहिणीने खालून तळहाताने मोटर उचलून धरली आणि मी पेच फिरवले. वायरी जोडल्या, बॅटरी लावली, खटका ओढला. पंखा फिरला, पण काचेवर वारा जेमतेम, म्हातारा फुंकर घालतोय तसा.

"हे असंच असतं का?" बहिणीने विचारलं.

मला माहीत नव्हतं. पुष्कळ डोकं खाजवल्यावर लक्षात आलं की नव्या मोटरच्या वायरींचे रंग वेगळे होते आणि मी त्या उलट्या जोडल्या होत्या. पंखा उलटा फिरत होता. परत कप्पा काढला, परत उलटा झोपलो, वायरींची अदलाबदल केली. या खेपेला वारा असा सुटला की डॅशबोर्डवर ठेवलेलं फडकं उडालं. बहिणीने टाळी वाजवली. आई ओटीवरून उठून बघायलाही आली नाही.

बहिणीला पोचवायला निघालो तेव्हा मात्र आई तयार होऊन गाडीत येऊन बसली. हातात नवीन लुगड्याची घडी, विहीणबाईंसाठी. "मी माझ्या तोंडाने माफी मागीन," म्हणाली. मी नको म्हणालो, ती ऐकेना.

वाटेत पाऊस होता. पंखा चालू होता, काच स्वच्छ राहिली. कुणी त्याचं कौतुक केलं नाही.

विहीणबाईंनी आमचं चांगलं स्वागत केलं. लुगडं घेतलं, डोळ्यांना लावलं. आई माफीचं बोलायला लागणार तेवढ्यात सून माहेरहून आली म्हणून शेजारपाजारच्या बाया जमल्या. चहा झाला आणि विहीणबाईंनी गोष्ट सांगायला सुरुवात केली. त्या सांगायच्या फार छान. खोकी बांधणारा मेकॅनिक, बाहेर लटकणारे दोन पाय, तोंडावर पडलेला उंदीर, आणि मग हिरवं लुगडं. "आमी दिलं विहिणीला, नेसली उंदरीण!" सगळ्या बाया पोट धरून हसल्या. मी कपाकडे बघत होतो. आई भिंतीला टेकून बसली होती आणि पदराचा कोपरा बोटांना गुंडाळत होती.

तेव्हा बहीण म्हणाली, "सासूबाय, तुमी आधीचं सांगायचं राहिलंत."

आणि तिने सांगितलं. जाळीतून उडालेलं तूस, विहीणबाईंचा पदर, रस्त्याच्या कडेचं ओकणं. शेतातली बाई कशी विचारत होती, "पोटुशी हाय का?" त्या बाईचा आवाजही तिने काढला.

हसणं दुप्पट झालं. एका म्हातारीला ठसका लागला. विहीणबाईंचा चेहरा मात्र लाल झाला होता. बहीण एकदम थांबली. आम्ही निघून जाणार होतो, तिला इथेच राहायचं होतं.

विहीणबाईंनी कप खाली ठेवला आणि म्हणाल्या, "ओकले तर ओकले. माणूस हाय मी." आणि बहिणीला म्हणाल्या, "जा, चहा अजून टाक."

पुढे बहिणीचं त्यांच्याशी चांगलं जमलं. ती गोष्ट दोघी मिळून सांगायच्या, एकमेकींच्या चुका काढत. दरवेळी मी तिथे असलो की मला हाक मारून पुढे बसवत. मी हसायचो. पुढे मी हळदी-बारशांना मुरबाडला जायचं टाळायलाच लागलो. कामाची पाळी पुढे करायचो.

त्या दिवशी परत येताना आई माझ्या शेजारी बसली होती.

किन्हवली गाव मागे पडल्यावर म्हणाली, "सगळ्या हसल्या तवा मी पण हसायला पायजे होतं ना?"

"नाय गो आये. गरज काय?"

"पण मी एकलीच नाय हसले. त्यांना वाटलं असल, विहिणीला राग आला."

"नाय वाटलं."

तिने मान हलवली. शेणव्याच्या नाक्यावर गाडी वळवली तेव्हा तिने परत तेच विचारलं, अगदी त्याच शब्दांत, आणि मी परत तेच उत्तर दिलं.